आदेश मिळाला, मुदत उलटली, अंमलबजावणी नाही : अवमान याचिकेचा खरोखर उपयोग होतो का?

रेवाकाठ (धागालेखिका)

माझे वडील एका अनुदानित माध्यमिक शाळेतून सेवानिवृत्त झाले. निवड श्रेणी (दीर्घ सेवेनंतर मिळणारी वरची वेतनश्रेणी) नाकारली गेल्याने त्यांनी उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल केली होती आणि ती मंजूर झाली. वेतननिश्चिती सुधारून फरकाची रक्कम व सुधारित निवृत्तिवेतन बारा आठवड्यांच्या आत अदा करावे, असा खंडपीठाचा आदेश आहे. ती मुदत उलटून बरेच महिने झाले. सरकारने सर्वोच्च न्यायालयात दाद मागितल्याचे दिसत नाही आणि स्थगिती तर नाहीच. जिल्ह्याच्या कार्यालयात विचारले तर "प्रस्ताव वरिष्ठांकडे सादर केला आहे" असे उत्तर मिळते, आणि वरिष्ठ कार्यालयात विचारले तर "त्रुटीपूर्ततेसाठी परत पाठवला आहे" असे कळते.

आमचे वकील अवमान याचिका दाखल करा म्हणतात. वडिलांचे एक जुने सहकारी मात्र निक्षून सांगतात की तिथे अधिकाऱ्याने माफी मागितली की प्रकरण मिटते, पैसे जिथल्या तिथेच राहतात, आणि दुखावलेले कार्यालय पुढच्या प्रत्येक कागदात खोट काढते. ज्यांनी हा मार्ग प्रत्यक्ष चोखाळला आहे, त्यांनी कृपया सांगावे : रक्कम हाती येते का, आणि वाट पाहण्याला काही कायदेशीर मर्यादा आहे का?

सातपुडा_वकील

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण त्यात चूक झाली तर पहिला प्रश्नच उरत नाही. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २० प्रमाणे अवमान घडल्याच्या दिनांकापासून एक वर्ष उलटल्यावर कारवाई सुरू करता येत नाही. पूर्वी असा वाद होता की न्यायालयाने वर्षाच्या आत नोटीस काढली पाहिजे की पक्षकाराने वर्षाच्या आत अर्ज केला तर पुरे. पल्लव शेठ प्रकरणात २००१ साली सर्वोच्च न्यायालयाने तो निकाली काढला : अर्ज वर्षाच्या आत दाखल झाला असेल तर पुढे न्यायालयाला लागणाऱ्या वेळेची झळ पक्षकाराला बसत नाही.

आता तुमच्या आदेशाचा शेवटचा परिच्छेद नीट वाचा. बारा आठवडे "आजपासून" आहेत की "आदेशाची प्रत प्राप्त झाल्यापासून" आहेत? पहिला प्रकार असेल तर मुदत आपोआप संपते. दुसरा असेल तर प्रत कोणाला, कधी दिली याचा पुरावा तुमच्याकडे हवा, म्हणजे आवक शिक्का असलेली पोच हवी. "साहेबांना स्वतः भेटून दिली होती" हे न्यायालयात चालत नाही. कित्येक याचिकांमध्ये अधिकाऱ्याचे पहिले प्रतिज्ञापत्र हेच असते की आदेशाची प्रत या कार्यालयास प्राप्तच झालेली नव्हती.

मिश्किल_मावळा

दंडाची कमाल रक्कम दोन हजार रुपये आहे, हे कोणी सांगितले नाही म्हणून सांगतो. १९७१ सालापासून महागाई भत्ता किती वेळा वाढला असेल ते असो, हा दंड मात्र तिथेच थांबलेला आहे. सरकारी खजिन्याच्या काटकसरीचे एवढे चोख उदाहरण दुसरे सापडणार नाही.

सातपुडा_वकील

मावळा यांचे म्हणणे खरे आहे, पण अर्धे. कलम १२ मध्ये दोन हजारांपर्यंत दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन्ही, अशी तरतूद आहे. दिवाणी अवमानात, म्हणजे न्यायालयाचा आदेश हेतुपुरस्सर न पाळल्याच्या प्रकरणात, सर्वसाधारणपणे दंडच करावा, आणि तो पुरेसा नाही असे वाटले तर दिवाणी तुरुंगात ठेवावे, अशीही योजना त्यात आहे. अधिकाऱ्याला भीती दोन हजारांची नसते. सेवापुस्तकात होणाऱ्या नोंदीची आणि स्वतःच्या नावाने निघणाऱ्या नोटिशीची असते.

टिपणीसाहेब

मी मंत्रालयात कक्ष अधिकारी म्हणून निवृत्त झालो, त्यामुळे पलीकडच्या टेबलावर काय चालते ते सांगू शकतो. हे समर्थन नव्हे, वर्णन आहे.

न्यायालयाचा आदेश आला की त्यावर पहिली टिपणी "आदेशाची अंमलबजावणी कशी करावी" अशी कधीच नसते. "आदेशास आव्हान द्यावे किंवा कसे" अशी असते. त्यासाठी सरकारी वकिलांचा अभिप्राय मागवला जातो, मग फाइल विधी व न्याय विभागाकडे जाते. तिथून "आव्हान देण्यायोग्य प्रकरण नाही" असा शेरा घेऊन ती परत येते, तेव्हा मुदतीतले बरेचसे आठवडे सरलेले असतात. त्यानंतर आर्थिक भार किती येणार याचा हिशेब खालच्या कार्यालयाकडून मागवायचा, तो आला की वित्त विभागाची सहमती घ्यायची. वित्त विभाग हमखास एक प्रश्न विचारतो : असे लाभार्थी राज्यात आणखी किती आहेत? या एका प्रश्नाने फाइल पुन्हा सर्व जिल्ह्यांकडे माहितीसाठी जाते आणि जो एक जण न्यायालयात जिंकून आला आहे, तो न जिंकलेल्या सगळ्यांच्या आकडेवारीची वाट पाहत बसतो.

अवमान याचिकेची नोटीस आली की याच फाइलीवर वरच्या बाजूला "न्यायालयीन प्रकरण, अवमान, तात्काळ" असे लिहिले जाते आणि टिपणीची सुरुवात बदलते : "प्रस्तुत प्रकरणी मा. सचिव यांना व्यक्तिशः प्रतिवादी करण्यात आले असल्याने..." ती फाइल मग टपालात जात नाही. कोणीतरी ती हातात घेऊन मजले चढतो. ज्या सहमतीला महिने लागतात ती एका दुपारी मिळालेली मी पाहिली आहे. तेव्हा उपयोग होतो का, या प्रश्नाला माझे उत्तर "होतो" असे आहे. तो शिक्षेचा नसून नोटिशीचा होतो.

अनामिक_अर्जदार

टिपणीसाहेबांनी सांगितले ते खरे असेलही, पण माझा अनुभव उलटा आहे. अनुकंपा नियुक्तीसाठी मी याचिका केली होती. न्यायालयाने माझ्या निवेदनावर आठ आठवड्यांत विचार करून गुणवत्तेवर निर्णय घ्यावा, असा आदेश दिला. आठ आठवडे गेले, आणखी बरेच गेले, म्हणून अवमान याचिका दाखल केली. नोटीस निघाली आणि सुनावणीच्या आदल्या आठवड्यात कार्यालयाचे दीड पानी पत्र हाती पडले : "आपल्या निवेदनावर विचार करण्यात आला असून ते अमान्य करण्यात येत आहे." न्यायालयात अधिकाऱ्याने विलंबाबद्दल बिनशर्त माफी मागितली, आदेशाचे पालन झाले अशी नोंद झाली आणि याचिका निकाली निघाली. नकाराला आव्हान द्यायचे असेल तर नवी रिट याचिका करा, असे सांगण्यात आले. म्हणजे नोटीस मिळाल्यावर फाइल धावली खरी, पण माझ्या विरुद्ध दिशेने.

रेवाकाठ (धागालेखिका)

हे वाचून धास्ती वाटली. आमच्या बाबतीतही असेच होऊ शकते का?

सातपुडा_वकील

होण्याची शक्यता फार कमी आहे. अर्जदारांचा आदेश निर्णय घेण्याचा होता, तुमचा रक्कम देण्याचा आहे. निर्णय घ्या म्हटल्यावर अधिकाऱ्याने घेतला, मग तो चुकीचा का असेना, आदेशाचे पालन झाले असे धरले जाते. जे. एस. परिहार प्रकरणात १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाने हेच म्हटले होते : आदेशाला अनुसरून काढलेली ज्येष्ठता यादी चुकीची असली तर ते नवे वादकारण ठरते, त्यासाठी अवमानाच्या कारवाईत दाद मिळत नाही. झारेश्वर प्रसाद पॉल प्रकरणातही २००२ मध्ये हीच मर्यादा अधोरेखित झाली. अवमान ऐकणारे न्यायालय मूळ आदेशाच्या पलीकडे जाऊन पक्षकाराला नवे काही देऊ शकत नाही.

म्हणून मी माझ्या पक्षकारांना नेहमी सांगतो की अवमान याचिकेचे भवितव्य मूळ याचिकेच्या शेवटच्या सुनावणीत ठरते. त्या दिवशी "निवेदनावर निर्णय घेण्याचे निर्देश द्यावेत, एवढ्यावर आम्ही समाधानी आहोत" असे वकिलाने सांगितले की प्रकरण पाच मिनिटांत संपते आणि सगळ्यांना बरे वाटते. आमच्या व्यवसायातल्या मंडळींनाही त्याचा दोष जातो. त्याऐवजी किती रक्कम, कोणत्या तारखेपर्यंत, कोणी द्यायची आणि न दिल्यास किती टक्के व्याज, एवढे चार तपशील आदेशात लिहून घेता आले तर पुढची लढाई बरीच सोपी होते.

ज्वारीचे_कणीस

सर्वांना नमस्कार. आमची जमीन धरणात गेली. वाढीव मोबदल्याचा निकाल दिवाणी न्यायालयाने दिला आणि तो सरकारने कित्येक वर्षे दिला नाही. आम्हीही आधी अवमानाचेच विचारले होते. आमच्या वकिलांनी सांगितले की हा पैशाचा हुकूमनामा आहे, यासाठी दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी करून घेण्याचा अर्ज, लावायची असते. मग दरखास्त लावली. बेलीफ जप्तीचे वॉरंट घेऊन संबंधित कार्यालयात गेला, तेव्हा मीही सोबत होतो. त्याने साहेबांच्या खोलीतल्या खुर्च्या, संगणक आणि खाली उभी असलेली गाडी यांची यादी करायला घेतली. गाडीचा क्रमांक लिहून होईपर्यंत वरून निरोप आला की बसा, चहा घ्या, लेखी देतो. रकमेचा पहिला हप्ता त्यानंतर न्यायालयात जमा झाला. माझ्या मते माफीपत्रापेक्षा जप्तीची यादी बरी.

मिश्किल_मावळा

खुर्ची जप्त होण्याची भीती दोन हजारांच्या दंडापेक्षा मोठी असणारच. दंड खिशातून जातो, खुर्ची गेली तर बसायचे कुठे?

सातपुडा_वकील

कणीस यांनी फार महत्त्वाचा भेद समोर आणला. दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासाठी दरखास्तीचा मार्ग आहे आणि तिची मुदतही सर्वसाधारणपणे बारा वर्षांची आहे. अवमानाचे एक वर्ष आणि दरखास्तीची बारा वर्षे यांत गल्लत करून बसलेले पक्षकार मी पाहिले आहेत. अवमानाची कारवाई म्हणजे वसुली नव्हे, असे न्यायालये वारंवार सांगतात. कपिलदेव प्रसाद साह प्रकरणात १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले. मात्र दरखास्त लावता येते एवढ्याच कारणाने अवमानाचा मार्ग पूर्ण बंद होत नाही, हे रमा नारंग प्रकरणात २००६ मध्ये मान्य झाले आहे.

रिट याचिकेतील आदेशाची गोष्ट वेगळी पडते. तिथे व्यवहारात पक्षकार दरखास्तीपेक्षा अवमान याचिकेकडेच वळतात. त्यामुळे धागालेखिकेच्या वकिलांचा सल्ला मला रास्त वाटतो.

नीरा_नदी

कोणी तरी सांगेल का, की खरोखर तुरुंगात गेलेले अधिकारी आहेत की नाहीत? आजवर ज्या बातम्या वाचल्या त्यांत न्यायालय संतापते, ताशेरे ओढते आणि पुढची तारीख देते.

सातपुडा_वकील

आहेत. आपल्या राज्यातील सर्वांत ठळक उदाहरण २००६ चे आहे. जंगलांविषयीच्या गोदावर्मन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाचे आदेश असतानाही आरागिरण्यांना परवानगी दिल्याबद्दल महाराष्ट्राचे तत्कालीन मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वन विभागाचे प्रधान सचिव अशोक खोत या दोघांना एक महिन्याची कैद झाली. नाईक हे शिक्षा झाली तेव्हा मंत्रिपदावर होते.

परंतु ते आदेश धुडकावून लावल्याचे प्रकरण होते, निव्वळ विलंबाचे नव्हते. विलंबाचे आणि टाळाटाळीचे उदाहरण हवे असेल तर टी. आर. धनंजय प्रकरण पाहावे. १९९५ साली कर्नाटकातील एका सनदी अधिकाऱ्याला, महापालिकेतील अभियंत्याच्या पदोन्नतीबाबतचा आदेश वेगवेगळी निमित्ते काढून टाळत राहिल्याबद्दल, सर्वोच्च न्यायालयाने एक महिन्याची साधी कैद दिली होती.

अलीकडचे म्हणाल तर मे २०२५ मध्ये न्या. भूषण गवई यांच्या पीठाने आंध्र प्रदेशातील एका उपजिल्हाधिकाऱ्याला पुन्हा तहसीलदार पदावर पदावनत करण्याचा आदेश दिला आणि एक लाख रुपये दंड केला. तहसीलदार असताना त्यांनी उच्च न्यायालयाचा मनाईचा आदेश डावलून गुंटूरमधील झोपड्या पाडल्या होत्या. उच्च न्यायालयाने त्यांना दोन महिन्यांची कैद दिली होती. कैद टळली, पण पद खाली आले.

मिश्किल_मावळा

झोपड्या पाडण्याचा आदेश त्यांना मिळाला असता तर बहुधा तो "त्रुटीपूर्ततेसाठी" परत गेला असता. मनाई होती म्हणून इतक्या तत्परतेने काम झाले.

शांतारस

इथे सगळेच अधिकाऱ्यांच्या मागे लागलेले दिसतात, म्हणून दुसरी बाजू मांडतो. मी नोकरीत आहे, एवढेच सांगतो. आदेश होतो शासनाला, पण याचिकेत नाव येते त्या खुर्चीवर त्या महिन्यात बसलेल्या माणसाचे. निधीची तरतूद त्याच्या हातात नसते, वित्त विभाग त्याच्या अखत्यारीत नसतो आणि अनेकदा मूळ याचिकेच्या वेळी तो दुसऱ्याच जिल्ह्यात असतो. त्याला वैयक्तिक वकील लावावा लागतो, प्रतिज्ञापत्र स्वतःच्या नावाने करावे लागते आणि घरच्यांना सांगावे लागते की काही होणार नाही. कायद्याला हेतुपुरस्सर अवज्ञा अपेक्षित आहे. निधी आला नाही म्हणून झालेला उशीर हेतुपुरस्सर कसा?

शिवाय न्यायालयांचाही अतिरेक होतो, हे सर्वोच्च न्यायालयानेच मान्य केले आहे. अलाहाबाद उच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशातील वित्त विभागाच्या अधिकाऱ्यांना ताब्यात घेण्याचा आदेश दिला होता. ३ जानेवारी २०२४ रोजी तत्कालीन सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड यांच्या पीठाने तो रद्द केला आणि अधिकाऱ्यांना बोलावण्याबाबत कार्यपद्धती घालून दिली. ऊठसूट प्रत्यक्ष हजेरी लावायला सांगू नये, आवश्यक असेल तर आधी दूरदृश्य प्रणालीने उपस्थित राहण्याची मुभा द्यावी आणि पोशाखावर शेरेबाजी करू नये, असे त्यात आहे. सरकारी निर्णयप्रक्रियेला अनेक टप्पे असतात, हे लक्षात घेऊन मुदत ठरवावी, असेही म्हटले आहे.

अनामिक_अर्जदार

शांतारस यांच्याबद्दल व्यक्तिशः सहानुभूती आहे. परंतु बारा आठवड्यांत शक्य नसेल तर अकराव्या आठवड्यात न्यायालयाकडे मुदतवाढ मागण्यापासून कोणी अडवले आहे? ज्या निर्णयाचा ते दाखला देतात, त्यातच सुधारित मुदतीची विनंती न्यायालयाने विचारात घ्यावी असे म्हटले आहे. मुदत संपेपर्यंत मौन, नोटीस आल्यावर मुदतवाढीचा अर्ज, हा क्रम मी इतक्या जणांकडून ऐकला आहे की त्याला अपघात म्हणणे कठीण आहे.

टिपणीसाहेब

या बाबतीत अर्जदारांशी मी सहमत आहे. मुदतवाढ मागण्यासाठीही टिपणी लागते आणि त्या टिपणीत आतापर्यंत काय केले हे तारीखवार लिहावे लागते. तिथेच अडते. ज्याने काही केलेलेच नसते, तो ती टिपणी पुढे सरकवत नाही.

शांतारस

हे मात्र मान्य करावे लागेल. ज्या अधिकाऱ्याच्या कागदावर तारीखवार पाठपुरावा असतो, त्याला न्यायालय सहसा दुखावत नाही. मी स्वतः याच जोरावर एकदा सुटलो आहे.

गृहसंस्था_सचिव

विषय सरकारचा चालला आहे, परंतु आमच्या सोसायटीचा वाद बिल्डरशी होता आणि ग्राहक आयोगाने आमच्या बाजूने आदेश दिला होता. तिथे या १९७१ च्या कायद्याकडे जावे लागले नाही. ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ च्या कलम ७२ मध्ये आदेश न पाळणाऱ्याला किमान एक महिना ते तीन वर्षांपर्यंत कैद किंवा किमान पंचवीस हजार ते एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी तरतूद आहे. आयोगापुढे त्या कलमाखाली अर्ज केल्यावर आमच्या बिल्डरला भोगवटा प्रमाणपत्राची कागदपत्रे अचानक सापडली.

नीरा_नदी

आणि शेजाऱ्याने दिवाणी न्यायालयाची मनाई मोडली तर? त्यालाही उच्च न्यायालयात अवमान करता येतो का?

सातपुडा_वकील

त्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेत ऑर्डर ३९ नियम २-अ आहे. तात्पुरती मनाई मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त करता येते आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगात ठेवता येते. ज्या न्यायालयाने मनाई दिली तिथेच अर्ज करायचा. कनिष्ठ न्यायालयांच्या अवमानाबद्दल उच्च न्यायालयाला अधिकार आहेत, पण घरच्या दारात उपाय असताना तिथे धाव घेतली तर बहुधा परत पाठवतात.

संपादक मंडळ

अयोध्येतील १९९२ च्या घटनांशी संबंधित अवमान प्रकरणावरील चार प्रतिसाद अप्रकाशित केले आहेत. उत्तर प्रदेशाच्या तत्कालीन मुख्यमंत्र्यांना १९९४ साली सर्वोच्च न्यायालयाने एक दिवसाची कैद व दोन हजार रुपये दंड दिला होता, एवढी माहिती या धाग्याशी संबंधित आहे, ती इथे नोंदवली आहे. पुढील राजकीय चर्चेसाठी स्वतंत्र धागा काढावा.

रेवाकाठ (धागालेखिका)

सर्वांचे आभार. दरम्यान काही घडामोडी झाल्या आहेत. सातपुडा यांनी सांगितल्याप्रमाणे आदेश पुन्हा वाचला. मुदत प्रत प्राप्त झाल्यापासून आहे, आणि सुदैवाने वडिलांनी जिल्हा कार्यालयाचा व संचालनालयाचा, दोन्हीकडचा आवक शिक्का घेतलेला होता. वकिलांमार्फत नोटीस पाठवली, त्यात आता त्या पदावर असलेल्या अधिकाऱ्यांची नावे घालून आदेशाची प्रत पुन्हा जोडली. उत्तर आले आहे. त्यात म्हटले आहे की शासन सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिका दाखल करण्याच्या विचारात आहे, तसेच उच्च न्यायालयात सहा महिन्यांची मुदतवाढ मागण्यात येत आहे, सबब अवमानाची कारवाई करू नये. आता थांबावे का?

सातपुडा_वकील

थांबू नये. दाखल करण्याचा विचार म्हणजे स्थगिती नव्हे. एवढेच कशाला, याचिका प्रत्यक्ष दाखल झाली तरी तेवढ्याने मूळ आदेश स्थगित होत नाही. स्थगिती मागून मिळवावी लागते. मात्र एक गोष्ट लक्षात ठेवा. स्थगितीचा अर्ज खरोखर दाखल असेल आणि प्रलंबित असेल, तर तो आधी ऐकला जाणे इष्ट, असे मॉडर्न फूड इंडस्ट्रीज प्रकरणात १९९५ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे. त्यामुळे त्यांनी तसा अर्ज केला तर तुमच्या याचिकेची सुनावणी काही काळ पुढे जाईल. पण तुमची याचिका वर्षाच्या आत दाखल झालेली असली पाहिजे, म्हणजे तो काळ तुमच्या अंगावर येणार नाही.

मुदतवाढीच्या अर्जाला लेखी विरोध करा. त्यात आग्रह एकाच गोष्टीचा धरा : मुदत वाढवायची असेल तर विलंबाच्या काळाचे व्याज द्यावे आणि रकमेचा निर्विवाद भाग आधी अदा करावा. अवमानाच्या न्यायालयात व्याज मागितले तर ते मूळ आदेशात नाही म्हणून अडचण येते. मुदतवाढीच्या अर्जात मात्र मूळ आदेशच पुन्हा न्यायालयासमोर आलेला असतो आणि सवलत त्यांना हवी असते. अशी संधी सरकारी पक्ष सहसा देत नाही, ती सोडू नका.

ज्वारीचे_कणीस

सातपुडा साहेब, निर्विवाद भाग आधी मागण्याचे हे आम्हाला कोणी सांगितले असते तर दोन-चार पेरण्या आधीच पैसे आले असते.

नीरा_नदी

दुखावलेले कार्यालय पुढे त्रास देते, या भीतीचे काय? त्यावर अजून कोणी बोलले नाही.

टिपणीसाहेब

मी बोलतो. आकस धरणारे अधिकारी असतात, नाही असे नाही. पण अवमान याचिका झालेल्या फाइलीला हात लावताना प्रत्येक जण जपून वागतो, कारण तिच्यात वाकडे काही लिहिले तर ते उद्या प्रतिज्ञापत्राला जोडले जाईल हे त्याला ठाऊक असते. त्रास होतो तो याचिका न करता वारंवार येऊन भांडणाऱ्याला. त्याच्या फाइलीत लेखी काहीच नसते. निवृत्त माणसाच्या बाबतीत तर कार्यालयाच्या हातात उरते काय? सुधारित निवृत्तिवेतनाचा प्रस्ताव महालेखापालांकडे गेला की जिल्ह्याचा संबंध जवळजवळ संपतो.

अनामिक_अर्जदार

माफीचा प्रश्न मात्र शिल्लक आहे. माझ्या प्रकरणात माफीपत्र टंकलिखित तयारच होते, फक्त तारीख पेनने भरली होती. हे माफीपत्र न्यायालयाने स्वीकारलेच पाहिजे असे आहे का?

सातपुडा_वकील

नाही. कलम १२ प्रमाणे समाधानकारक माफी मागितल्यास न्यायालय शिक्षा माफ करू शकते. सशर्त आहे एवढ्याच कारणाने प्रामाणिक माफी नाकारू नये, असेही तिथे म्हटले आहे. पण माफी हे सुटकेचे शस्त्र नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९५० च्या दशकातच एम. वाय. शरीफ प्रकरणात सांगून ठेवले आहे. ते प्रकरण तेव्हाच्या नागपूर उच्च न्यायालयातूनच वर गेले होते. विलंबाच्या प्रकरणात न्यायमूर्ती आधी पालनाचा कागद पाहतात आणि मग माफी वाचतात. नुसती माफी आहे आणि रक्कम नाही, अशा स्थितीत याचिका निकाली काढण्यास तुमच्या वकिलांनी ठाम नकार द्यावा.

रेवाकाठ (धागालेखिका)

याचिका पुढच्या आठवड्यात दाखल करत आहोत. एकच शेवटची शंका. समजा त्यांनी सुनावणीपूर्वी रक्कम दिली आणि हिशेब कमी निघाला, तर काय करायचे?

सातपुडा_वकील

असे हमखास होते, म्हणून तयारी आताच करा. फरकाचा तुमचा स्वतःचा तक्ता महिनावार तयार करून याचिकेला जोडा : मूळ वेतन, निवड श्रेणीतील वेतन, महागाई भत्ता, घरभाडे भत्ता, देय रक्कम, मिळालेली रक्कम. त्यांचा धनादेश आला तर "तक्रारीसह स्वीकारले" असे पोचपावतीवर लिहा आणि त्यांच्या हिशेबाची प्रत लेखी मागा. फरक केवळ बेरजेचा असेल तर अवमानाचे न्यायालय तो दुरुस्त करून घेते. वेतननिश्चिती कोणत्या तारखेपासून धरायची असा खरा वाद निघाला, तर मात्र परिहार प्रकरणाचा दाखला पुढे येईल आणि नवी याचिका करा म्हणतील. तेव्हा निकाली काढण्याच्या आदेशात "उर्वरित रकमेबाबत योग्य ती दाद मागण्याची मुभा ठेवून" एवढे शब्द घालून घ्यायला वकिलांना आजच सांगून ठेवा.

टिपणीसाहेब

तक्त्याची एक प्रत वेतन पथकाकडेही (अनुदानित शाळांची वेतन देयके पाहणाऱ्या कार्यालयाकडे) आगाऊ द्या, आवक शिक्क्यासह. नोटीस आल्यावर घाईघाईत हिशेब करणारा लिपिक समोर तयार तक्ता असेल तर बहुतेक वेळा तोच पडताळून पुढे पाठवतो.